बादली कशी बुडवायची

विहिरीतून पाणी काढायला शिकावं लागतं, असं मी म्हटलं की माझी सून हसते. तिला वाटतं, दोर सोडला, बादली खाली गेली, वर ओढली, झालं. पिंप्राळ्याच्या आमच्या घरात नळ पहाटे येतो आणि तासाभरात जातो, तेव्हा पाण्याचे हाल आम्हालाही ठाऊक आहेत, असं तिचं म्हणणं. असतील बाई. पण माझ्या मायची तिशी उलटली तरी तिने विहिरीत बादली सोडलेली नव्हती, आणि सोडली तेव्हा सगळ्या गावादेखत सोडली, समोर सिनेमाचं यंत्र लावलेलं असताना. ती हकीगत मी आजवर दोघातिघांनाच सांगितली. आता डोळे उरलेत तोवर लिहून काढते. गावाचं नाव मात्र लिहिणार नाही. त्या लोकांची नातवंडं माझ्याकडे शिकवणीला येऊन गेली आहेत, चांगली मुलं आहेत, त्यांना उगाच कशाला तोंड लपवायला लावू?

गाव गिरणेच्या काठावर होतं, जळगावपासून बैलगाडीने अर्ध्या दिवसाच्या वाटेवर. वरच्या अंगाला पाटील-कुणब्यांची घरं, मधे मारुतीचा पार, त्याच्यासमोर गावाचा आड, आणि उतारावर अगदी नदीला लागून आमचा महारवाडा. घर म्हणजे एक खोली आणि पुढे कुडाचा आडोसा. बा गावचा येसकर होता. दिवसभर पाटलाचे निरोप पोचवायचे, कुणी साहेब आला की त्याच्या घोड्यापुढे धावायचं, आणि संध्याकाळी हातात काठी, खांद्यावर घोंगडी घेऊन दारोदार 'येसकराले भाकर वाढ वं माय' अशी हाक द्यायची. त्या हाकेवर आमचं घर चालायचं. बाच्या टोपल्यात दहा घरच्या भाकरी एकत्र यायच्या, कुणाची ज्वारीची, कुणाची उडीद-ज्वारीच्या कळण्याची, एखादी कालची वाळकी. माय त्या निवडायची, वाळक्या कुस्करून त्यात लाल मिरचीचं पाणी आणि लसूण घालून शिजवायची. माझा धाकटा भाऊ दगडू तेव्हा पाच वर्षांचा होता. तो भाकरीचा वास घेऊन घर ओळखायचा, 'हाई जनाअक्कानी', 'हाई पाटीलनी', आणि कधी चुकायचा नाही. मला आजही कळण्याची भाकरी खाताना आधी वास घ्यायची सवय आहे, सून म्हणते आई शिळी वाटते का?

पाण्याचं काम माझं आणि मायचं. आड गावाचा, त्याला आम्ही शिवायचं नाही. पावसाळ्या-हिवाळ्यात नदी वाहायची, तेव्हा प्रश्न नव्हता. उन्हाळा लागला की गिरणा आटून नुसती वाळू उरायची, आणि मग झिरा. वाळूत कोपरभर खड्डा करायचा, कडा थोपटायच्या आणि बसून राहायचं. तळाशी पाणी पाझरायचं, वाटीभर झालं की ते वाटीने अलगद उचलायचं, घागरीत ओतायचं, परत बसायचं. घाई केली तर वाळू ढवळायची आणि पाणी गढूळ व्हायचं. एक घागर भरायला सूर्य कासराभर वर यायचा, आणि घागरी दोन. शाळेत मी व्हरांड्यात बसायचे, पण निदान बसायचे तरी. चैत्र-वैशाखात तेही नाही, कारण शाळेची घंटा व्हायची तेव्हा माझी पहिली घागर निम्मी असायची. नदीत बसलं की वरून आडाच्या रहाटाची करकर ऐकू यायची आणि पाण्याने भरलेली भांडी वाजायची. त्या आवाजाचा मला राग यायचा, खरं सांगते, फार राग यायचा. आडाचं पाणी कसं असेल, हा एक विचार माझ्या डोक्यात घर करून बसला होता. इतकी राखण ठेवलीय म्हणजे साखरेसारखं असणार!

अशा एका वैशाखात सिनेमावाले आले. धुळ्याचे एक वकील होते, सुधारकी मताचे, खादी घालणारे. त्यांनी पुण्याकडच्या एका कंपनीला हाताशी धरून छोटा सिनेमा काढायचा घाट घातला होता. मोठ्या सिनेमाआधी दाखवायचा, वीसेक मिनिटांचा. विषय आमचाच. आमची गरिबी आणि आमचा विटाळ. गोष्ट अशी की एक महारीण तहानलेल्या पोरासाठी गावाच्या आडावर जाते, लोक चिडतात, पण पाटील मोठ्या मनाचा असतो, तो म्हणतो भरू द्या तिला पाणी, आणि मग सगळे हात जोडतात. आमच्या पाटलांना वकिलांनी हे ऐकवलं आणि पाटील म्हणून तुम्हीच उभे राहा अशी विनंती केली. पाटलांची मिशी त्या मुलखात नावाजलेली होती. ती मिशी पडद्यावर वीतभर दिसेल, असं कुणीतरी बोलून गेलं, आणि झालं, पाटलांनी आड दिला.

तुम्ही विचाराल, विटाळाचं काय? आड विटाळायचा प्रश्नच नव्हता, कारण महारीण खोटी होती. पुण्याहून आणलेली नटी, गोरीपान, बोलायला गोड. तिच्या तोंडाला, हाताला काळं चोळायचे आणि मायचं एक जुनेर नेसवायचे, की झाली महारीण तयार. जुनेर द्यायला आम्हाला अडचण नव्हती, पण ते आधी दोनदा धुऊन घेतलं त्यांनी. आम्ही महारवाड्यातली माणसं लांब निंबाखाली बसून बघायचो. यंत्र फिरवणारे एक मुसलमान गृहस्थ होते, जळगावचे, त्यांचं तिथे फोटोंचं दुकान होतं. सगळे त्यांना चाचा म्हणत. डायरेक्टरांच्या हातात पत्र्याचा भोंगा असायचा, म्हणून आम्ही त्यांना भोंगेवाले साहेब म्हणायचो.

दोन दिवस बरे गेले. तिसऱ्या दिवशी आडाचा प्रसंग होता, आणि खानदेशचं ऊन कुणाची भीडभाड ठेवत नाही. नटीबाई डोक्यावर घागर घेऊन दोन वेळा चालल्या आणि तिसऱ्यांदा मटकन खाली बसल्या. कांदा फोडला, ओलं फडकं ठेवलं, पण त्या काही उठेनात. आली का पंचाईत! मंडळींना दुसऱ्या दिवशी गाडी गाठायची होती. भोंगेवाले साहेबांनी इकडे तिकडे पाहिलं, निंबाखाली त्यांना माय दिसली. उंची तेवढीच, जुनेर तसलंच, आणि काळं चोळायची गरज नाही. ते म्हणाले, तोंड नको, पाठमोरं घेऊ, नुसते हात आणि घागर दिसली तरी बस्स.

गावात एकदम गलका झाला. खोटी महारीण चालत होती, खरी कशी चालावी? वकील पाटलांशी अर्धा तास बोलले. मिशीचं काम अजून व्हायचं होतं, ते या प्रसंगातच होतं, आणि प्रसंग नाही तर मिशीही नाही. शेवटी तोड निघाली. दोर नवा, बादली नवी, जळगावच्या बाजारातून कंपनीने येतानाच आणलेली. रहाटाला हात लावायचा नाही, काठावर उभं राहून नुसत्या हाताने ओढायचं. आणि मुख्य अट पाटलांनी बाला बोलावून सांगितली, अगदी सावकाश, लहान मुलाला सांगावं तशी. "राघो, तुनी बाईले सांगी ठेव. काढेल पानी तठेच गुरंना डोनमा वतानं. एक थेंब जर महारवाडामा गया, ते तुनी भाकर बंद. मंग मनाकडे रडत येऊ नको." बाने हात जोडले आणि मायला तसंच सांगितलं, शब्दही न बदलता.

आणि मी काय केलं? माय जुनेर सावरत उठली तेव्हा मी तिचा पदर धरला. "माय, एक घागर घर लई ये ना." ती म्हणाली, "ऐकं नही का पाटीलनं?" मी म्हटलं, "माले चव देखानी शे." अकरा वर्षांची घोडी होते मी, भाकर बंद म्हणजे काय ते मला पुरतं कळत होतं. तरी म्हटलं. माय पदर सोडवून गेली.

ती आडाच्या काठावर उभी राहिली. भोंग्यातून हुकूम आला, चाचांनी यंत्राची मूठ फिरवायला घेतली, मायने दोर सोडला. बादली खाली गेली, पाण्यावर टेकली, आणि तिथेच तरंगत राहिली. मायला वाटलं भरली. तिने ओढली. वर आली ती रिकामी, तळाला ओल. पुन्हा सोडली, या वेळी जरा थांबली, झिऱ्यावर थांबतात तशी. बिचारीला वाटलं, धीर धरला की पाणी आपोआप आत येतं. तिला पाण्याची तेवढीच रीत माहीत होती. पुन्हा रिकामी. तिसऱ्यांदाही रिकामी. आता नवी पत्र्याची बादली हलकी असते, ती लवकर कलत नाही, हे मला फार नंतर कळलं. पण त्या दिवशी पाराभोवतीची माणसं पोट धरून हसत होती. "महारीनले पानी काढता येत नही रे!" भोंगेवाले साहेब ओरडत होते की फिल्म फुकट चाललीय. मायच्या मानेवरून घाम वाहत होता आणि मी निंबाखाली मेल्याहून मेल्यासारखी झाले होते. कशाला काढता येईल तिला? कुणी काढू दिलं होतं?

तेव्हा जनाअक्का पुढे आली. जनाअक्का म्हणजे वरच्या आळीतली विधवा शेतकरीण, करारी, जिभेला हाड नसलेली. आम्हाला भाकर वाढायची ती वरून टाकायची, हातावर हात येऊ नये म्हणून, पण भाकर ताजी असायची. तिला काम वाईट झालेलं बघवत नसे, मग ते कुणाचंही असो. ती पाचसात हातांवर थांबली आणि कडाडली, "अवं भागे, बादलीले गोंजारी काय ऱ्हायनी! आडवी पाड तिले! दोर ढिला सोड, मंग हिसका दे, हिसका!" आणि दोराला शिवायचं नाही म्हणून तिने रिकाम्या हातांनी हवेत करून दाखवलं. डावा हात सैल, उजव्या मनगटाला बाजूला झटका. एकदा नाही, तीनदा करून दाखवलं. मायने तिच्या हाताकडे बघितलं, दोर ढिला सोडला, हिसका दिला. आतून डुबुक् असा आवाज आला. दोर एकदम जड झाला तशी माय पुढे ओढली गेली, सावरली, आणि हातावर हात टाकत तिने भरलेली बादली काठावर आणली. मला तो आवाज अजून ऐकू येतो. माय हसली होती. पाठमोरी होती, पण मला तिची पाठ कळते.

बादली घागरीत रिकामी केली, आणखी एक काढली, घागर काठोकाठ भरली. आता पाटलांचं काम. ते ठरल्याप्रमाणे पुढे झाले, एक हात उंचावून, मिशीतून हसत, जसं काही ते म्हणताहेत, भर बाई पाणी. माणसं हात जोडून उभी. मायने घागर उचलून डोक्यावर घेतली. इथून तिने चार पावलं डावीकडे, गुरांना पाणी पाजायच्या दगडी डोणीपाशी जायचं होतं. ती उजवीकडे वळली, उताराच्या वाटेला.

क्षणभर कुणाला काही कळलं नाही. बा उठून उभा राहिला आणि पुन्हा खाली बसला. पाटलांना कळलं, त्यांची मान ताठ झाली. पण भोंगेवाले साहेबांना मायची चाल पसंत पडली होती! ते ओरडले, "वा! कुणी हलू नका! पाटील, हसत राहा, तुम्ही दिसताय!" चाचा मूठ फिरवत होते. पाटील काय करतात? ओरडावं तर पडद्यावर सगळ्या मुलखाला दिसणार. ते हात उंचावून हसत राहिले, डोळ्यांतून आग आणि मिशीखाली दात, आणि त्यांच्यादेखत माझी माय आडाचं पाणी घेऊन उतार उतरली. वाटेच्या वळणापर्यंत चाचा मूठ फिरवत होते. मी आणि दगडू मागोमाग धावलो.

घरात मायने घागर चुलीशेजारी ठेवली आणि भिंतीला टेकून बसली. मागून बा आला. मला वाटलं आता मारणार. त्याने घागरीकडे बघितलं, मायकडे बघितलं आणि म्हणाला, "लई उनी ना आते? पी ल्या मंग." पहिली वाटी दगडूने लावली. एक घोट घेऊन त्याने तोंड वेडंवाकडं केलं. "हाई ते खारं शे!" मी प्यायले. खरंच खारट होतं, मचूळ, दाताला लागणारं. आमच्या झिऱ्याच्या पाण्याची सर नव्हती त्याला. मायने एक घोट घेतला, पदराने तोंड पुसलं आणि म्हणाली, "इतला वरीस माले वाटे, गोड व्हई." मग तिला इतकं हसू आलं की डोळ्यांतून पाणी येईपर्यंत ती हसली, आणि बासुद्धा हसला. त्या दुपारी आम्ही चौघांनी ती घागर संपवली, खारट तर खारट.

गाड्या गेल्या आणि भाकर बंद झाली. बा त्या संध्याकाळी टोपलं घेऊन गेला, हाक दिली, एकही दार उघडलं नाही. जनाअक्काचंसुद्धा नाही, हे मला लागलं. गावाने आड शुद्ध करायला घेतला, म्हणजे सगळा उपसला. भर वैशाखात! झरे बारीक, पाणी चढायला चार दिवस लागले, आणि ते चार दिवस गावातल्या बायका घागरी घेऊन नदीत आमच्या वरच्या अंगाला झिरे करून बसल्या. जनाअक्काही होती. तिसऱ्या दिवशी तिची घागर निम्मी भरली नव्हती आणि ऊन डोक्यावर आलं होतं. तिने लांबूनच विचारलं, "भागे, तुम्ही रोज इतला वखत बठतस का वं?" माय वाटी न हलवता म्हणाली, "रोज, अक्का." आड भरला, बायका वर गेल्या, भाकर काही सुरू झाली नाही.

दगडू आठ दिवस शहाण्यासारखा वागला, मग भाकरीसाठी रडायला लागला. त्याचं रडणं माझ्या जिवाला खायचं. मी मायपाशी कबूल केलं की हे माझ्यामुळे झालं, मी चव मागितली म्हणून. ती म्हणाली, "तू मांगं म्हनून नही वं. बादली भरनी ना, मंग माले डोनमा वतवेना." तिची जड भरलेली घागर होती, स्वतः काढलेली, ती गुरांपुढे ओतायला हात झाला नाही. एवढंच कारण. तिने यापेक्षा मोठं काही कधी सांगितलं नाही आणि मीही तिच्या तोंडी घालणार नाही. पावसाआधी बा जळगावला गेला आणि तिथल्या कापसाच्या एका जिनात सरकी वाहायला लागला. महिन्याने आम्हालाही घेऊन गेला. गाव सुटलं ते असं. जळगावात नळकोंडाळं होतं, तिथेही रांगेत भांडणं होती, पण मला शाळेत आत बसायला मिळालं, आणि त्यातूनच पुढे मी मास्तरीण झाले.

जायच्या आधीची एक गोष्ट राहिली. भाकर बंद होती त्या दिवसांत एकदा मायने मला अंगणात उभं केलं, शेळीचं दावं हातात दिलं आणि म्हणाली, हिसका दे. आड नाही, बादली नाही, पाणी नाही. मी हसले. ती हसली नाही. "डावा हात ढिला. मनगट आडवं. तशी नही, परत." तिने मला ते इतक्या वेळा करायला लावलं की मनगट दुखायला लागलं. मी म्हटलं, माय, आपल्याला कोण आडावर जाऊ देणार आहे? ती म्हणाली, "कधी ना कधी जाशी. तवय लोके हसाले नको."

काही वर्षांनी मी मास्तरणींच्या ट्रेनिंगला धुळ्याला गेले. ते वकील तिथेच होते, त्यांना जाऊन भेटले. सिनेमा चार ठिकाणी दाखवून डब्यात पडला होता. मी विचारलं, माझी माय दिसते का त्यात? ते म्हणाले, हात दिसतात, पण चेहरा त्या नटीबाईंचा जोडला. रिकामी बादली तीनदा वर आली ते सगळं कापलं. मला वाईट वाटलं. माझ्या मते तेवढाच भाग खरा होता. मग मी विचारलं, आणि घागर घेऊन उतारावरून चालली ते? वकील हसले. म्हणाले, ते निघालंच नाही. फिल्म पाटलांच्या मिशीपाशीच संपली होती. यंत्रातली फिल्म संपली हे फिरवणाऱ्याला हाताला कळतं, पण चाचा तेव्हा बोलले नाहीत, तुझी आई वळणाआड जाईपर्यंत रिकामी मूठ फिरवत राहिले. मी पुढे जळगावात चाचांचं दुकान शोधलं, ते बंद झालं होतं. त्यांचे आभार मानायचे राहिले, ते इथे मानते.

धुळ्याच्या आमच्या वसतिगृहाच्या मागे विहीर होती. तिथे सगळ्या जातींच्या मुली होत्या आणि पाणी ज्याचं त्याने काढायचं असा नियम होता. पहिल्या सकाळी मी बादली घेऊन गेले तेव्हा तीन मुली आधीच उभ्या होत्या, बाजूला झाल्या आणि बघत राहिल्या. मी आयुष्यात पहिल्यांदा विहिरीच्या काठावर उभी होते. दोर सोडला, बादली टेकल्याचं हाताला कळलं, डावा हात ढिला केला, मनगट आडवं. डुबुक्! बादली पहिल्याच हिसक्याला भरली. त्यातली एक म्हणाली, "अगं, सवय दिसतेय तुला! घरची विहीर आहे वाटतं?" मी नुसती मान हलवली, हो का नाही ते तिचं तिने ठरवावं.

त्याच दुपारी मी घरी कार्ड टाकलं, बाकी खुशाली राहू दे, एवढंच लिहिलं की मायला सांगा, बादली पहिल्याच हिसक्याला भरली आणि कुणी हसलं नाही. आठवड्याने दगडूच्या अक्षरात उत्तर आलं. त्यात बाच्या खोकल्याचं होतं, शेळी विकल्याचं होतं, आणि शेवटी कोपऱ्यात बारीक अक्षरात होतं, माय इचारस, तठलं पानी गोड शे का?

धुळ्याच्या त्या विहिरीचं पाणी आमच्या गावच्या आडापेक्षा खारट होतं, डाळसुद्धा शिजायची नाही त्यात. मी उलट टपाली लिहिलं, गोड शे.